सत्तांतराचे आश्वासन : नायजेरियातील लष्करशाही आणि १२ जूनचा लढा

नायजेरिया १ ऑक्टोबर १९६० रोजी ब्रिटिश सत्तेतून मुक्त झाला आणि आजतागायत टिकून राहिलेली लोकनियुक्त राजवट तेथे २९ मे १९९९ रोजी सुरू झाली. या दोन तारखांमधल्या जेमतेम ३९ वर्षांपैकी सुमारे २९ वर्षे आफ्रिकेतील या सर्वाधिक लोकसंख्येच्या देशाचा कारभार सैन्याधिकाऱ्यांच्या हाती होता. लष्करी राजवट ही विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जगाला नवी गोष्ट नव्हती. नायजेरियातील सेनानींचे वेगळेपण होते ते त्यांच्या बोलण्याच्या रीतीत. लोकशाही आपल्या देशाला मानवत नाही, असे ते सहसा म्हणत नसत. जवळजवळ प्रत्येकाने सत्ता नागरी नेत्यांकडे परत देण्याची भाषा केली, बहुतेकांनी त्यासाठी साल किंवा तारीखही जाहीर केली, आणि मग त्या तारखेसाठी चाललेली तयारी हेच आपण खुर्चीवर राहण्याचे कारण म्हणून लोकांपुढे ठेवले. त्यामुळे तेथील लोकशाहीचा लढाही एका विशिष्ट वळणाने गेला. लोकशाही हवी की नको, हा वाद फारसा झालाच नाही. दिलेली तारीख पाळली जाईल का आणि मोजलेली मते मान्य होतील का, यावर माणसे तुरुंगात गेली आणि मारली गेली.

लष्कराला राजकारणात शिरायला वाट कशी मिळाली, हे समजण्यासाठी वसाहतकाळात थोडे मागे जावे लागते. ब्रिटिशांनी १९१४ मध्ये उत्तरेचे आणि दक्षिणेचे संरक्षित प्रदेश प्रशासनाच्या सोयीसाठी एकत्र जोडले, आणि स्वातंत्र्याच्या वेळी या जोडकामाचे तीन मोठे प्रांत झालेले होते : हौसा-फुलानी मुस्लिमांचे वर्चस्व असलेला उत्तर, योरुबांचा पश्चिम आणि इग्बोंचा पूर्व. प्रत्येक प्रांतात एकेका प्रमुख जमातीचा पक्ष सत्तेवर होता आणि प्रत्येक प्रांतातल्या लहान जमाती त्या वर्चस्वाखाली धुसफुसत होत्या. उत्तरेची लोकसंख्या निम्म्याहून अधिक असल्याने संसदेतील बहुमत तिच्याकडे जाई. परिणामी १९६२ आणि १९६३ ची जनगणनासुद्धा निवडणुकीइतकीच वादग्रस्त ठरली. १९६४ च्या सार्वत्रिक निवडणुकीवर विरोधकांनी अनेक ठिकाणी बहिष्कार टाकला आणि १९६५ मध्ये पश्चिम प्रांतातील निवडणुकीनंतर घरे व माणसे जाळण्यापर्यंत मजल गेली. अशा वेळी १५ जानेवारी १९६६ च्या पहाटे काही तरुण मेजरांनी उठाव केला. पंतप्रधान अबुबकर तफावा बलेवा, उत्तरेचे मुख्यमंत्री अहमदू बेलो आणि पश्चिमेचे मुख्यमंत्री सॅम्युएल अकिंतोला यांची हत्या झाली. उठाव करणाऱ्यांना सत्ता मिळाली नाही. ती सेनाप्रमुख जनरल अगुयी-इरोन्सी यांच्याकडे गेली.

भ्रष्टाचार संपवण्यासाठी हा उठाव केल्याचे मेजर न्झेओग्वू यांनी कादुनाच्या नभोवाणीवरून सांगितले, आणि दक्षिणेत अनेकांनी त्याचे स्वागतही केले. परंतु उठावातील बहुतेक अधिकारी इग्बो होते, मारले गेलेले प्रमुख नेते इग्बो नव्हते आणि नवे राष्ट्रप्रमुख इग्बो होते, ही गोष्ट उत्तरेच्या नजरेतून सुटली नाही. इरोन्सी यांनी मे १९६६ मध्ये संघराज्याची रचना मोडून एकात्म शासन आणण्याचे फर्मान काढले तेव्हा संशयाला पुरावाच मिळाला. उत्तरेत इग्बोंच्या कत्तली सुरू झाल्या, २९ जुलैला उत्तरेकडील सैनिकांनी प्रतिउठाव करून इरोन्सींना ठार केले, आणि ३१ वर्षांचे लेफ्टनंट कर्नल याकुबू गोवोन राष्ट्रप्रमुख झाले. सप्टेंबर-ऑक्टोबरमधील नव्या हत्याकांडांनंतर लाखो इग्बो पूर्वेकडे पळाले. ३० मे १९६७ रोजी कर्नल ओजुक्वू यांनी पूर्व प्रांत ‘बियाफ्रा’ या नावाने स्वतंत्र झाल्याचे घोषित केले आणि अडीच वर्षांचे यादवी युद्ध पेटले. युद्धातील मृतांचे अंदाज दहा लाखांपासून तीस लाखांपर्यंत दिले जातात. त्यांतील बहुसंख्य लोक गोळीने मेले नाहीत, नाकेबंदीमुळे झालेल्या उपासमारीने मेले. युद्धापूर्वी सुमारे दहा हजारांचे असलेले सैन्य युद्धाअखेर अडीच लाखांच्या घरात पोहोचले होते, आणि एवढ्या मोठ्या सैन्याला पुन्हा बराकीत बसवणे हा पुढल्या तीन दशकांचा प्रश्न होऊन बसला.

येथे भारतीय वाचकाने थबकावे अशी एक नोंद आहे. कादुना येथील नायजेरियन लष्करी प्रबोधिनी १९६४ मध्ये भारतीय सेनेच्या साहाय्याने उभी राहिली आणि तिचे पहिले प्रमुख भारतीय ब्रिगेडियर होते. पुढे राष्ट्रप्रमुख झालेल्यांपैकी इब्राहिम बाबांगिदा १९६३ मध्ये डेहराडूनच्या इंडियन मिलिटरी अकॅडमीत शिकले, ओलुसेगुन ओबासान्जो यांनी १९६५ मध्ये पुण्यात लष्करी अभियांत्रिकीचे शिक्षण घेतले, तर मुहम्मदू बुहारी १९७३ मध्ये वेलिंग्टनच्या स्टाफ कॉलेजात होते. ज्या सेनेने स्वतःच्या देशात सत्तेला कधी हात लावला नाही तिच्या वर्गांतून हे अधिकारी बाहेर पडले. सैन्य राजकारणापासून दूर राहते ते शिक्षणाने की सभोवतालच्या संस्थांच्या बळाने, या प्रश्नाचे उत्तर यातून बरेचसे मिळते.

लष्करी राजवट म्हणजे रस्त्यावर रणगाडे, असे चित्र सामान्यतः मनात येते; पण नायजेरियात तिचे रोजचे हत्यार कागदी होते. संसद बरखास्त होई, संविधानाची बरीचशी कलमे तशीच चालू राहत, आणि त्यांच्या डोक्यावर लष्करी मंडळाची फर्माने बसत. या फर्मानांत बहुधा एक ठरावीक कलम असे : या फर्मानाखाली केलेल्या कोणत्याही कृतीची चौकशी कोणतेही न्यायालय करणार नाही. १९७० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने लाकान्मी खटल्यात मालमत्ताजप्तीचे एक फर्मान बेकायदा ठरवण्याचे धाडस केले, कारण संविधान अजून जिवंत आहे असे न्यायमूर्तींचे मत होते. काही दिवसांतच सरकारने नवे फर्मान काढून तो निकालच निष्प्रभ केला आणि १९६६ च्या घटना ही क्रांती असल्याने जुनी कायदेव्यवस्था संपली आहे, असे त्यात नमूद केले. न्यायालये उघडी होती, वकील झगे घालून उभे राहत होते, निकाल लागत होते. फक्त सरकारविरुद्ध लागलेल्या निकालाचे पुढे काय होईल, हे सरकार ठरवत होते. नायजेरियातील लोकशाहीच्या लढ्यात वकील इतके पुढे का होते, याचे कारण या अर्धवट जिवंत ठेवलेल्या न्यायव्यवस्थेत आहे.

दुसरा बदल पैशाच्या वाटपात झाला आणि तो कदाचित अधिक खोल होता. नायजर नदीच्या त्रिभुज प्रदेशात ओलोइबिरी येथे १९५६ मध्ये व्यापारी प्रमाणावर तेल सापडले, पण ते राष्ट्राच्या उत्पन्नाचा कणा बनले ते युद्धानंतर. स्वातंत्र्यकाळच्या संविधानानुसार खनिजाच्या उत्पन्नातील निम्मा वाटा ते ज्या प्रांतात निघे त्या प्रांताचा असे. लष्करी राजवटींनी हा उगमस्थानाचा वाटा एकामागून एक फर्मानांनी अगदी क्षुल्लक करून टाकला, १९६९ मध्ये सर्व तेलाची आणि १९७८ मध्ये जमिनीचीही मालकी शासनाकडे घेतली, आणि केंद्राच्या तिजोरीत आलेला पैसा राज्यांना वाटण्याची पद्धत रूढ केली. गोवोन यांनी १९६७ मध्ये प्रांत मोडून १२ राज्ये केली; ती १९७६ मध्ये १९, १९८७ मध्ये २१, १९९१ मध्ये ३० आणि १९९६ मध्ये ३६ झाली. लहान जमातींना मोठ्यांच्या जाचातून सोडवणे हा त्यामागील हेतू सुरुवातीला खराच होता. पण स्वतःच्या कमाईवर जगू न शकणारे प्रत्येक नवे राज्य केंद्राच्या मासिक वाट्याकडे डोळे लावून बसे, आणि त्यामुळे केंद्रातील सत्ता ज्याच्या हाती त्याच्या हाती सर्व काही, अशी स्थिती झाली.

गोवोन यांनी १९७० मध्ये वचन दिले की १९७६ मध्ये सत्ता नागरिकांकडे जाईल. ऑक्टोबर १९७४ मध्ये त्यांनी ही मुदत अवास्तव असल्याचे जाहीर केले. त्या वेळी तेलाचे भाव चौपट झाले होते आणि सरकारला पैसा कोठे ठेवावा हे कळत नव्हते. मुख्यतः संरक्षण खात्याने केलेल्या मागणीमुळे सुमारे दोन कोटी टन सिमेंट परदेशातून मागवले गेले आणि लागोस बंदराबाहेर शेकडो जहाजे खोळंबून उभी राहिली. जुलै १९७५ मध्ये गोवोन आफ्रिकी राष्ट्रांच्या परिषदेसाठी कंपालात असताना त्यांना पदच्युत करण्यात आले. त्यांच्या जागी आलेल्या मुर्तला मोहम्मद यांनी १ ऑक्टोबर १९७९ ही तारीख दिली, आणि फेब्रुवारी १९७६ मध्ये एका फसलेल्या उठावात त्यांची हत्या झाल्यावर त्यांचे उत्तराधिकारी ओबासान्जो यांनी ती पाळली. दोन दशकांनंतर ओबासान्जो यांच्या वाट्याला जे आले त्यात या एका पाळलेल्या तारखेचा मोठा हात आहे.

नव्या संविधानाने अमेरिकी धर्तीची अध्यक्षीय पद्धत आणली आणि अध्यक्षाने केवळ सर्वाधिक मते मिळवून भागणार नाही, तर दोन तृतीयांश राज्यांत किमान एक चतुर्थांश मते मिळवली पाहिजेत, अशी अट घातली. एकाच जमातीच्या बळावर कोणी अध्यक्ष होऊ नये, हा हेतू चांगला होता; पण १९ राज्यांचे दोन तृतीयांश म्हणजे बारा पूर्णांक दोन तृतीयांश राज्ये, आणि राज्याचा दोन तृतीयांश भाग म्हणजे काय, हे कोणीच लिहून ठेवले नव्हते. शेहू शगारी यांना बारा राज्यांत पुरेशी मते होती, तेराव्या राज्यात नव्हती. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि सत्तांतराला चार-पाच दिवस उरले असताना निकाल शगारींच्या बाजूने लागला. हे दुसरे प्रजासत्ताक चार वर्षे टिकले. तेलाचे भाव पडले, कर्ज वाढले, १९८३ च्या निवडणुकीत उघड गैरप्रकार झाले, आणि ३१ डिसेंबर १९८३ रोजी नभोवाणीवर पुन्हा लष्करी संगीत वाजू लागले. उठावाची घोषणा वाचणाऱ्या ब्रिगेडियरचे नाव होते सानी अबाचा.

नवे राष्ट्रप्रमुख बुहारी यांनी सत्ता परत देण्याची तारीख दिलीच नाही. त्यांनी ‘बेशिस्तीविरुद्ध युद्ध’ पुकारले, ज्यात बसथांब्यावर रांग न लावणाऱ्यांना सैनिक चाबकाने हाणत, आणि एक फर्मान असे काढले की सरकारी अधिकाऱ्याची नाचक्की करणारी बातमी खरी असली तरी पत्रकार शिक्षेस पात्र ठरू शकेल. या फर्मानाखाली ‘द गार्डियन’ या लागोसच्या दैनिकाचे टुंडे थॉम्पसन आणि न्डुका इराबोर यांना एकेक वर्षाची कैद झाली. इराबोर हे नाव पुढे पुन्हा भेटणार आहे. वीस महिन्यांनी, ऑगस्ट १९८५ मध्ये, बुहारींनाही त्यांच्याच सहकाऱ्यांनी हटवले आणि जनरल बाबांगिदा यांनी स्वतःला ‘अध्यक्ष’ हे नागरी पदनाम लावून घेतले.

बाबांगिदांनी सुरुवातीला पत्रकारांना सोडले, जाचक फर्मान रद्द केले आणि आंतरराष्ट्रीय नाणेनिधीचे कर्ज घ्यावे की नाही यावर देशभर खुली चर्चा घडवली. लोकांनी कर्जाला विरोध केला, सरकारने तो मान्य केला, आणि १९८६ मध्ये नाणेनिधीला हवे असलेले धोरणच ‘संरचनात्मक समायोजन’ या नावाने लागू केले; म्हणजे चलनाचे अवमूल्यन, अनुदानांत कपात आणि सरकारी उद्योगांची विक्री. १९८५ मध्ये जवळपास एका डॉलरच्या बरोबरीचा असलेला नायरा १९९३ पर्यंत डॉलरमागे वीसच्या पलीकडे घसरला, आणि पगारावर जगणारा शिक्षक-कारकुनांचा वर्ग उद्ध्वस्त झाला. ‘न्यूजवॉच’ या साप्ताहिकाचे संपादक डेले गिवा १९ ऑक्टोबर १९८६ रोजी घरी आलेल्या टपालबाँबने मारले गेले. हा गुन्हा आजही उलगडलेला नाही.

संक्रमण कार्यक्रम, म्हणजे लष्करी सत्तेतून नागरी सत्तेकडे जाण्याची टप्प्याटप्प्याची योजना, ही बाबांगिदांच्या राजवटीत एक स्वतंत्र कलाच झाली. सत्तांतराचे साल आधी १९९० होते, ते १९९२ झाले, मग २ जानेवारी १९९३ आणि शेवटी २७ ऑगस्ट १९९३. जुन्या राजकारण्यांवर बंदी आली. नव्या पक्षांकडून अर्ज मागवले गेले, आलेले सर्व १३ अर्ज फेटाळले गेले, आणि सरकारने स्वतःच दोन पक्ष काढले, एक किंचित डावीकडचा व एक किंचित उजवीकडचा. त्यांचे जाहीरनामे सरकारने लिहिले आणि गावोगावची कार्यालयेही सरकारनेच बांधून दिली. १९९२ मध्ये या पक्षांतून अध्यक्षपदासाठी उतरलेल्या २३ इच्छुकांना गैरप्रकारांच्या कारणावरून एकगठ्ठा बाद करण्यात आले. दर वेळी कारण सयुक्तिक वाटेल इतपत खरे असे, हे या पद्धतीचे कौशल्य होते. राजकारणी खरोखरच पैसे वाटत होते, मतदारयाद्या खरोखरच सदोष होत्या.

अखेरीस १२ जून १९९३ ला मतदान ठरले. सोशल डेमोक्रॅटिक पार्टीचे उमेदवार मोशूद अबिओला हे योरुबा मुस्लिम, अफाट श्रीमंत उद्योगपती आणि ‘काँकॉर्ड’ वृत्तपत्रसमूहाचे मालक होते. नॅशनल रिपब्लिकन कन्व्हेन्शनचे बशीर टोफा उत्तरेतील कानोचे व्यापारी. अबिओला हे सेनानींच्या घरोब्यातले होते, त्यांची संपत्ती लष्करी राजवटींच्या काळातच फुगली होती, आणि लोकशाहीचे प्रतीक म्हणून इतिहास कोणाची निवड करील असे विचारले असते तर त्यांचे नाव फारसे कोणाला सुचले नसते. मतदानाच्या दोन दिवस आधी रात्री आबुजातील न्यायाधीशांनी, राजवट लांबावी अशी मागणी करणाऱ्या एका संघटनेच्या अर्जावरून, निवडणुकीला मनाई केली. पण निवडणुकीत न्यायालयांनी हस्तक्षेप करू नये असे लष्कराच्याच फर्मानात म्हटले होते, आणि निवडणूक आयोगाचे प्रमुख हम्फ्री न्वोसू यांनी त्याच्या आधारे मतदान घेतले. न्यायालयांचे हातपाय बांधणारे कलम लोकशाहीच्या उपयोगी पडले, असा हा विरळा प्रसंग होय.

मतदान शांततेत झाले. त्याचे प्रमाण मात्र फार मोठे नव्हते, कारण कितीतरी लोकांचा निवडणूक होईल यावरच विश्वास उरला नव्हता. मोजणीतून बाहेर आलेल्या आकड्यांनुसार अबिओलांना सुमारे ८३ लाख, म्हणजे ५८ टक्के मते मिळाली, आणि महत्त्वाचे म्हणजे ती सर्व दिशांनी मिळाली. टोफांच्या कानो राज्यातही अबिओला जिंकले. त्यांच्या जोडीचे उपाध्यक्षपदाचे उमेदवारही मुस्लिमच होते, तरी ख्रिस्ती मतदारांनी त्यांना नाकारले नाही. जमात आणि धर्म यांच्या हिशेबापलीकडे नायजेरियन मतदार जाऊच शकत नाही, हे लष्करी हस्तक्षेपाचे नेहमीचे समर्थन होते. त्या दिवशीच्या मतपेट्यांनी ते खोडून काढले.

निकालाची अधिकृत घोषणा थांबवण्यात आली आणि २३ जूनला निवडणूक रद्द झाल्याचे निवेदन प्रसिद्ध झाले. निवेदन साध्या कागदावर टंकलिखित होते, त्यावर कोणाची सही नव्हती, आणि ते ज्यांच्या हातून वृत्तपत्रांपर्यंत गेले ते उपाध्यक्षांचे प्रसिद्धी सचिव म्हणजे बुहारींच्या काळात तुरुंगवास भोगलेले तेच न्डुका इराबोर. लष्करी राजवटीने शिक्षित वर्गाला कसे गिळंकृत केले, याचे याहून नेमके उदाहरण सापडणे कठीण. जुलैमध्ये लागोसचे रस्ते बंद पडले, सैनिकांनी गोळीबार केला, आणि मानवी हक्क संघटनांच्या नोंदीनुसार शंभरावर माणसे मारली गेली. २६ ऑगस्टला बाबांगिदा पायउतार झाले व अर्नेस्ट शोनेकान या उद्योगपतीच्या नेतृत्वाखाली ‘अंतरिम सरकार’ बसवले गेले. १० नोव्हेंबरला लागोस उच्च न्यायालयाने ते बेकायदा ठरवले आणि आठवड्याभरात संरक्षणमंत्री अबाचा यांनी ते बाजूला सारून सत्ता घेतली.

अबाचा सत्ता आपल्या हाती सोपवतील, अशी आशा अबिओलांच्या गोटातही अनेकांना होती. अबिओलांच्या जोडीने निवडणूक लढवलेले बाबागाना किंगिबे अबाचांचे परराष्ट्रमंत्री झाले, आणि मानवी हक्कांसाठी लढलेले वकील ओलू ओनागोरुवा महान्यायवादी झाले; आपल्या खात्याला न विचारता निघालेल्या फर्मानांशी आपला संबंध नाही असे त्यांनी जाहीर केले तेव्हा त्यांना काढून टाकण्यात आले. भ्रम फिटायला वर्षही लागले नाही. मे १९९४ मध्ये निवृत्त सेनानी, जुने राजकारणी आणि कार्यकर्ते यांची नॅशनल डेमोक्रॅटिक कोअलिशन, लोकांच्या तोंडी ‘नॅडेको’, स्थापन झाली. ११ जूनला अबिओलांनी लागोसमधील एपेटेडो येथे स्वतःला अध्यक्ष घोषित केले आणि २३ जूनला त्यांना अटक झाली.

यानंतर लढ्याचा सर्वांत जोरकस घाव कामगारांनी घातला. फ्रँक कोकोरी हे सरचिटणीस असलेल्या तेल कामगार संघटनेने ४ जुलै १९९४ रोजी संप पुकारला, तेल क्षेत्रातील अधिकारीवर्गाची संघटनाही त्यात उतरली, आणि तेलसंपन्न देशात पेट्रोलसाठी मैलभर रांगा लागल्या. मागणी पगाराची नव्हती. १२ जूनचा निकाल मान्य करा, एवढीच होती. संप दोन महिने चालला. सरकारने संघटनांच्या कार्यकारिणी बरखास्त केल्या, कोकोरींना चार वर्षे डांबून ठेवले, आणि तेलाची निर्यात पूर्णतः थांबवण्याइतके बळ संपाला न मिळाल्याने तो ओसरला. संप उत्तरेत फारसा पसरला नाही, हेही मान्य केले पाहिजे. सर्व दिशांनी मिळालेल्या कौलाचा लढा हळूहळू मुख्यतः योरुबांचा लढा म्हणून ओळखला जाऊ लागला, आणि ही ओळख पक्की करण्यात राजवटीला आपला फायदा दिसत होता.

उरलेले काम लहान लहान गटांनी केले. १९८७ मध्ये तरुण वकिलांनी काढलेली सिव्हिल लिबर्टीज ऑर्गनायझेशन तुरुंगांतील हालांची नोंद ठेवी; डॉक्टर बेको रॅन्सम-कुटी यांची कॅम्पेन फॉर डेमॉक्रसी निदर्शने घडवून आणी; वकील गनी फावेहिन्मी हरणार हे ठाऊक असूनही दावे दाखल करीत राहिले. ‘टेल’ आणि ‘द न्यूज’ या साप्ताहिकांची कार्यालये सील झाली तेव्हा संपादक मंडळी घरे बदलत, भाड्याच्या खोल्यांतून अंक तयार करीत, आणि छापखान्यावर धाड पडली तर छोट्या आकारात पुन्हा छापून वाहनांच्या गर्दीत फेरीवाल्यांकरवी विकत. संपादक सापडला नाही तर त्याची बायको किंवा भाऊ उचलून नेला जाई. नोबेल विजेते लेखक वोले सोयिंका १९९४ च्या अखेरीस गुपचूप सीमा ओलांडून परदेशी गेले आणि १९९७ मध्ये त्यांच्यावर देशद्रोहाचा आरोप ठेवण्यात आला. ४ जून १९९६ रोजी अबिओलांच्या सुटकेसाठी उघडपणे झटणाऱ्या त्यांच्या पत्नी कुदिरात यांची लागोसमध्ये भर रस्त्यात गोळ्या घालून हत्या झाली. परदेशातून चालणाऱ्या विरोधकांच्या लघुलहरी नभोवाणीला मग त्यांचेच नाव मिळाले.

बाहेरच्या जगाला अबाचांची राजवट कळली ती मात्र अबिओलांमुळे नव्हे, तर ओगोनी प्रदेशामुळे. त्रिभुज प्रदेशातील या छोट्या जमातीच्या शेतांतून आणि खाड्यांतून तेल काढले जात होते, वायू जाळला जात होता, आणि जमातीच्या पदरात काहीच पडत नव्हते. लेखक केन सारो-विवा यांच्या चळवळीने जानेवारी १९९३ मध्ये सुमारे तीन लाख लोकांचा मोर्चा काढला, आणि त्याच वर्षी शेल कंपनीने ओगोनीतील उत्पादन थांबवले. मे १९९४ मध्ये चार ओगोनी प्रमुखांची जमावाने हत्या केली तेव्हा चिथावणीचा ठपका सारो-विवा यांच्यावर ठेवून, अपिलाची सोय नसलेल्या खास न्यायाधिकरणापुढे खटला चालवला गेला आणि १० नोव्हेंबर १९९५ रोजी त्यांना व आठ सहकाऱ्यांना पोर्ट हारकोर्टच्या तुरुंगात फाशी दिली गेली. त्या वेळी ऑकलंडमध्ये राष्ट्रकुलाची शिखर परिषद भरली होती. नायजेरियाचे सदस्यत्व दुसऱ्याच दिवशी स्थगित झाले. तेलाच्या खरेदीवर मात्र बंदी आली नाही, आणि राजवटीला दुखवू शकणारी तीच एक गोष्ट होती.

अबाचांनी १ ऑक्टोबर १९९८ ही तारीख दिली होती आणि ती पाळण्याचा त्यांचा बेतही होता, फक्त सत्ता ते स्वतःकडेच सोपवणार होते. सरकारमान्य पाचही पक्षांनी एप्रिल १९९८ मध्ये त्यांनाच उमेदवार ठरवले. बोला इगे या राजकारण्याने या पक्षांना एकाच महारोगी हाताची पाच बोटे म्हटले होते. ८ जूनला अबाचांचा आकस्मिक मृत्यू झाला. महिन्याभराने, ७ जुलैला, सुटकेची बोलणी चालू असताना आणि अमेरिकी शिष्टमंडळाशी भेट सुरू असताना अबिओला कोसळले आणि मरण पावले. परदेशी तज्ज्ञांच्या उपस्थितीत झालेल्या शवविच्छेदनाने हृदयविकार हे कारण दिले. अनेकांना ते आजही पटलेले नाही. ज्या निकालावर भांडण होते त्याचा मानकरीच उरला नाही, आणि नवे लष्करी राष्ट्रप्रमुख अब्दुलसलामी अबुबकर यांना अकरा महिन्यांत सत्ता सोडणे सोपे गेले. योरुबांच्या जखमेवर फुंकर म्हणून दोन्ही प्रमुख उमेदवार योरुबाच उभे राहिले, आणि अबाचांच्या तुरुंगातून सुटलेले, एकेकाळी तारीख पाळलेले ओबासान्जो फेब्रुवारी १९९९ मध्ये निवडून आले. अबिओला आणि ते आबेओकुटा गावच्या एकाच शाळेचे विद्यार्थी होते. अबिओलांच्या बलिदानावर उभ्या राहिलेल्या पदावर बसूनही ओबासान्जो यांनी आठ वर्षांत १२ जूनला अधिकृत मान्यता दिली नाही.

त्यांनी एक काम मात्र झटपट केले : सत्तेवर येताच, लष्करी राजवटींत राजकीय पदे भोगलेल्या ९३ अधिकाऱ्यांना त्यांनी सक्तीने निवृत्त केले. उठाव करण्याची सवय लागलेली पिढी एका फटक्यात सैन्याबाहेर गेली, आणि नंतरच्या काळात सैन्य बराकीत राहिले याचे बरेच श्रेय या निर्णयाला द्यावे लागते. २००६ मध्ये ओबासान्जो यांच्यासाठी तिसऱ्या कार्यकाळाची वाट मोकळी करणारी घटनादुरुस्ती सिनेटने फेटाळली. २०१५ मध्ये सत्तेवर असलेला अध्यक्ष प्रथमच निवडणुकीत हरला. हरवणारे होते ते तारीख न देणारे बुहारी, आता नागरी पोशाखात. त्यांनीच २०१८ मध्ये १२ जून हा लोकशाही दिन ठरवला आणि अबिओलांना मरणोत्तर सर्वोच्च सन्मान दिला.

देशाचे संविधान मात्र अजून तेच आहे, जे लष्कराने मे १९९९ मध्ये एका फर्मानाने जारी केले. त्याची सुरुवात जनतेच्या नावाने होत असली तरी निवडून आलेल्या उमेदवारांनीही निवडणुकीपूर्वी त्याचा मसुदा पाहिलेला नव्हता. ३६ राज्ये, केंद्राच्या हातची पोलीसयंत्रणा, तेलाच्या पैशाचे मासिक वाटप हा सारा सांगाडा त्यात जसाच्या तसा आहे. तेलाच्या उगमस्थानाला किमान १३ टक्के वाटा एवढी त्यातली सवलत. या संविधानाचा एक परिणाम कोणी योजला नसेल, पण तो मोठा ठरला. ओबासान्जो यांनी १९९९ मध्ये न्यायमूर्ती चुक्वुदिफू ओपुटा यांच्या अध्यक्षतेखाली लष्करी काळातील अत्याचारांच्या चौकशीसाठी आयोग नेमला, हजारो लोकांनी तक्रारी दिल्या, सुनावण्या दूरचित्रवाणीवर दिसल्या. बुहारी, बाबांगिदा आणि अब्दुलसलामी या तिन्ही माजी राष्ट्रप्रमुखांनी आयोगापुढे येण्यास नकार दिला. डेले गिवा प्रकरणी फावेहिन्मी यांनी चिकाटीने चालवलेल्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये निर्णय दिला की १९९९ च्या संविधानानुसार देशभरासाठी असा आयोग नेमण्याचा अधिकार केंद्राला नाही. अहवाल अधिकृतपणे प्रसिद्ध झालाच नाही. कुदिरात अबिओलांच्या हत्येबद्दल अबाचांच्या सुरक्षाप्रमुखाला २०१२ मध्ये फाशीची शिक्षा झाली आणि पुढल्याच वर्षी अपील न्यायालयाने त्याला निर्दोष सोडले.

फेब्रुवारी २०२५ मध्ये बाबांगिदांनी आत्मचरित्र प्रसिद्ध करून १२ जूनची निवडणूक अबिओलांनीच जिंकली होती हे मान्य केले; रद्दबातलीचे निवेदन आपल्या संमतीवाचून निघाले असे सांगून त्यांनी बोट अबाचांकडे दाखवले, आणि तरीही त्या निर्णयाची जबाबदारी स्वीकारली. आबुजातील प्रकाशन समारंभाला गोवोन, ओबासान्जो व अब्दुलसलामी हजर होते, आणि प्रमुख पाहुणे होते अध्यक्ष बोला टिनुबू, जे १९९४ मध्ये नॅडेकोचे कार्यकर्ते म्हणून देश सोडून पळाले होते.